पांढऱ्या-करड्या गणवेशातली मुलं

बोरोबुदूरच्या पायऱ्या उतरताना किंवा प्रंबाननच्या आवारात हिंडताना मराठी पर्यटकांना एक अनुभव हमखास येतो. गणवेशातल्या पाच-सहा मुलामुलींचा घोळका जवळ येऊन रेंगाळतो. आपसांत ढकलाढकली होते, एकीला पुढे लोटलं जातं आणि ती हातातल्या कागदावर नजर ठेवून घोकलेलं इंग्रजी घाईघाईने म्हणून टाकते. तुमचं नाव काय, देश कोणता, छंद काय, इंडोनेशिया आवडला का? सहलीत एखाद्या परदेशी माणसाची मुलाखत घेऊन यायची, हा इंग्रजीच्या बाईंनी दिलेला गृहपाठ असतो. उत्तरं कागदावर उतरतात, पुरावा म्हणून फोटो निघतो, वाकून आभार मानले जातात आणि घोळका खिदळत पुढच्या पाहुण्याकडे वळतो.

पुण्या-मुंबईहून आमच्याकडे येणारे नातेवाईक हा किस्सा हटकून सांगतात. "किती गोड मुलं आहेत गं इथली! आणि किती शिस्तीची!" मग रामायणाचं नृत्यनाट्य निघतं, छायाबाहुल्यांमधला अर्जुन निघतो, "आपलीच संस्कृती की ही" असं बोलणं होतं. मुलं गोड आहेत, शिस्तीची आहेत, सगळं खरं. मला फक्त दर वेळी वाटतं की चार प्रश्नांची उत्तरं देऊन झाल्यावर एखाद्याने त्या मुलीला उलट एक प्रश्न विचारावा. तुझं कसं चाललंय, बाळा?

मी योग्याकार्तात राहते. इथले लोक त्याला जोगजा म्हणतात. विद्यार्थ्यांचं शहर अशी त्याची देशभर ख्याती, आपल्याकडे पुण्याची आहे तशीच. नवऱ्याच्या नोकरीमुळे आले आणि इथलीच झाले. संध्याकाळी आमच्या ओसरीवर गल्लीतली दहावी ते बारावीची मुलं गणित आणि इंग्रजी घेऊन बसतात. मला 'बू' म्हणतात. आईला आणि बाईंना इथे एकाच हाकेने बोलावतात. गणितं होतात, पण गप्पा जास्त होतात, आणि तो वेळ वाया गेला असं मला कधीच वाटत नाही.

इथे सहावीपर्यंत पांढरा-लाल, नववीपर्यंत पांढरा-निळा आणि दहावी ते बारावी पांढरा-करडा असा गणवेश. सुमात्राच्या टोकापासून पापुआपर्यंत, हजारो बेटांवर तोच. सोमवारी सकाळी ध्वजवंदनाला सगळ्या देशातली मुलं याच रंगात उभी असतात. आठवड्यात एखादा दिवस बाटिकचा, एखादा स्काउटच्या तपकिरी कपड्यांचा, बाकी पांढरा-करडा. हे दोन रंग नुसते उच्चारले तरी मोठ्या माणसांचा चेहरा खुलतो. पहिलं प्रेम, जिवाभावाची मैत्री, शाळा बुडवून खाल्लेलं गरम मीगोरेंग, सगळं त्या रंगात असतं. बारावी सुटली की मुलं एकमेकांच्या शर्टांवर रंगाचे फवारे मारतात, मार्करने सह्या करतात. शाळा दर वर्षी बजावतात की शर्ट खराब करू नका, गरजू मुलांना द्या. माझ्या शेजारणीने स्वतःचा तसला सह्यांचा शर्ट अजून कपाटात जपून ठेवलाय. तिची मुलगी आता अकरावीत आहे.

हे कौतुक मला कळतं. पण ओसरीवर जी मुलं मी बघते ती दमलेली असतात, आणि त्याला अभ्यास एवढंच कारण नाही. दिवसभर ज्याला जसं हवं तसं होत राहून ती दमतात. शाळेला एक मुलगा हवा असतो, आजोबांना दुसरा, मशिदीतल्या किंवा चर्चमधल्या काकांना तिसरा, शाळेमागच्या टपरीवर बसणाऱ्या सीनियर पोरांना चौथा. सोळाव्या वर्षी हे सगळे मुलगे एकट्याने व्हायचे. आणि या सगळ्यांत त्याला स्वतःला कोण हवंय, हे विचारायला कुणाला सवड नसते.

ओसरीवर येणारी एक मुलगी सरकारी शाळेत जाते. पायरी चढली की आधी दप्तर ठेवते. हनुवटीखालची टाचणी काढून ओठांत धरते, जिल्बाब, म्हणजे डोकं झाकणारं वस्त्र, उतरवते, त्याच्या आतली घट्ट टोपी, जिला इथे चिपुत म्हणतात, ती ओढून काढते आणि घामाने ओले झालेले केस बोटांनी मोकळे करते. मग जिल्बाबची चौपदरी घडी घालून दप्तराच्या वरच्या कप्प्यात ठेवते आणि टाचणी कॉलरच्या आतल्या बाजूला खोचते. निघताना हेच सगळं उलट क्रमाने. तिची धाकटी बहीण मात्र जिल्बाब कधीच काढत नाही. तिने तो आठवीत असताना आईकडे स्वतः मागून घेतला आणि ती त्यात अगदी मजेत असते. मोठीला एकदा विचारलं, शाळेत नियम आहे का? म्हणाली, "नियम नाही, बू. पण सगळ्याच घालतात." एखादीने नाही घातला तर? ती हसली आणि वहीत डोकं घातलं.

त्या हसण्यामागे चाळीस वर्षांचा इतिहास आहे, आणि तो मला इथल्याच बायकांकडून थोडा थोडा कळत गेला. १९८२ मध्ये, राष्ट्राध्यक्ष सुहार्तोंच्या राजवटीत, सरकारी शाळांसाठी देशभर एकच गणवेश ठरला आणि त्यात जिल्बाबला जागा नव्हती. ज्या मुलींनी तो श्रद्धेने घातला त्यांना वर्गाबाहेर काढलं गेलं, काहींना शाळाच सोडावी लागली. १९९१ मध्ये नियम बदलला, परवानगी मिळाली. सुहार्तो पायउतार झाले, सत्ता जिल्ह्याजिल्ह्यात वाटली गेली आणि ठिकठिकाणच्या नगरपालिकांनी, जिल्ह्यांनी जिल्बाबच्या सक्तीचे स्वतःचे फतवे काढायला सुरुवात केली. २०१४ च्या गणवेश-नियमांत मुस्लिम मुलींसाठी लांब बाह्या, लांब स्कर्ट आणि जिल्बाब असा एक पर्याय चित्रासकट छापला होता. बऱ्याच शाळांनी 'पर्याय' हा भाग सोडून दिला आणि चित्र तेवढं घेतलं.

जानेवारी २०२१ मध्ये पश्चिम सुमात्रातल्या पाडांगमध्ये एका ख्रिस्ती मुलीला शाळेने जिल्बाब घालायला सांगितलं. तिच्या वडिलांनी शाळेतलं बोलणं मोबाइलवर टिपलं आणि ते देशभर पाहिलं गेलं. फेब्रुवारीत तीन मंत्र्यांनी मिळून आदेश काढला की सरकारी शाळेने धार्मिक पोशाखाची सक्ती करू नये आणि बंदीही घालू नये. मे महिन्यात सर्वोच्च न्यायालयाने तो आदेशच रद्द केला. पुढच्या वर्षी आमच्या अगदी जवळ, बंतुलमध्ये, दहावीत नुकत्याच दाखल झालेल्या एका मुलीच्या डोक्यावर समुपदेशनाच्या खोलीत शिक्षकांनी जिल्बाब चढवल्याची तक्रार झाली. ती शाळेच्या स्वच्छतागृहात जाऊन रडत बसली होती. इथले सुलतान हेच प्रांताचे राज्यपाल. त्यांनी मुख्याध्यापक आणि तीन शिक्षकांना चौकशीपुरतं कामावरून बाजूला केलं. आणि हिंदूबहुल बालीत याच्या उलट: तिथे काही शाळा जिल्बाब घालू देत नाहीत अशा मुस्लिम मुलींच्या तक्रारी २०१४ मध्ये पुढे आल्या.

माझी बाजू साधी आहे. जिला घालायचाय तिने घालावा, जिला नको तिने घालू नये. १९८२ नंतर वर्गाबाहेर उभी राहिलेली मुलगी आणि २०२२ मध्ये स्वच्छतागृहात रडलेली मुलगी मला शेजारीशेजारी दिसतात. दोघींबद्दल मोठ्यांनी कागद लिहिले, बैठका घेतल्या, कोर्टात गेले. पूर्व जावातल्या लामोंगानमध्ये तर २०२३ मध्ये एका शिक्षकाने चिपुत घातलं नाही म्हणून शाळेतल्या १९ मुलींचे केस पुढून भादरले. त्या अजून माध्यमिकच्याच होत्या. मुलांच्या केसांवर शिक्षकांनी कात्री चालवणं तर इतकं नेहमीचं आहे की त्याची बातमीही होत नाही. जोगजातच दे ब्रितो नावाची जेझुइटांची मुलांची जुनी शाळा आहे, तिथे पोरं खांद्यापर्यंत केस वाढवून वर्गात बसतात. शाळेची प्रतिष्ठा त्याने तसूभर कमी झालेली नाही.

धर्माच्या तासालाही असंच. प्रत्येक विद्यार्थ्याने आपापल्या धर्माचा विषय घ्यायचा आणि त्यात पास व्हायचं. सरकारमान्य धर्म सहा. सुंदा वीवितानसारख्या जुन्या, मातीतल्या श्रद्धा पाळणाऱ्या घरातल्या मुलांनी वर्षानुवर्षं दुसऱ्याच धर्माचे धडे पाठ करून गुण मिळवले. २०१६ पासून त्यांच्या श्रद्धेचं शिक्षण शाळेत देता येतं, २०१७ मध्ये घटना न्यायालयाने ओळखपत्रावरही त्यांना जागा दिली. पण गावातल्या शाळेत तसा शिक्षक मिळायला हवा ना.

आता भाषेकडे येते, कारण ती मला सगळ्यात जवळची आहे. जावानीज भाषेला थर आहेत. बरोबरीच्या माणसाशी बोलायची 'न्गोको', वडीलधाऱ्यांशी बोलायची 'क्रामा'. फरक नुसता तू आणि तुम्ही एवढा नाही; खाणं, झोपणं, जाणं, घर, डोळे, सगळ्यांचे शब्दच बदलतात. शाळा चालते इंडोनेशियनमध्ये. दोस्तांत चालते न्गोको, तिच्यात जकार्ताची टिकटॉकवरून आलेली बोली मिसळलेली. आणि घरी आजोबा, ज्यांना इथे 'म्बाह' म्हणतात, ते क्रामाची वाट बघत बसलेले.

गल्लीच्या टोकाला राहणारा अकरावीतला एक मुलगा मला म्हणाला, "म्बाहसमोर मी गप्पच असतो. चुकीचा शब्द गेला तर उद्धट वाटेल." मी त्याच्या आजोबांनाही ओळखते. ते म्हणतात, नातू चांगला आहे, पण अबोल झालाय हल्ली. एकाच घरात, एकाच टेबलावर, दोघं एकमेकांच्या मायेपोटी न बोलता जेवतात. शाळेत आठवड्याला जावानीजचा तास असतो. त्यात जुनी लिपी शिकवतात, ब्राह्मीच्याच कुळातली, मला तिची काही अक्षरं ओळखीची वाटतात. मुलं ती गुणांपुरती घोकतात आणि चाचणी झाली की विसरतात. इंडोनेशियात सातशेच्या वर भाषा आहेत, आणि फ्लोरेसपासून सुमात्रापर्यंतच्या कितीतरी घरांत हेच चाललेलं असणार. क्रामा नष्ट होईल का, याची काळजी विद्यापीठातली माणसं करतात. मला काळजी वाटते ती त्या मुलाची. आदराची भाषा येत नाही म्हणून मोठ्यांशी बोलायचंच थांबलं, तर रात्री शहरात त्याच्यावर जे गुदरतं ते तो कुणाला सांगणार?

कारण जोगजाची रात्र आता पूर्वीसारखी नाही. पंधरा ते अठराची पोरं दोघं-तिघं एका मोटरसायकलवर बसून निघतात, हातात कोयता किंवा पट्ट्याला बांधलेलं मोटरसायकलचं दातेरी चाक, आणि रस्त्यात दिसेल त्या अनोळखी माणसावर वार करून पळून जातात. लुटायचं काही नसतं. इथे त्याला 'क्लितिह' म्हणतात. एप्रिल २०२२ मध्ये, रमजान नुकता सुरू झाला होता, सहरीचं, म्हणजे रोजा सुरू होण्याआधीचं, खायला बाहेर पडलेला एक शाळकरी मुलगा गेडोंगकुनिंगच्या रस्त्यावर असाच मारला गेला. त्या आठवड्यात आमच्या गल्लीतल्या आया रात्रभर फाटकापाशी बसून होत्या. मुलांना सहरीला बाहेर सोडायचं की नाही, एवढीच चर्चा.

जकार्ता, बोगोर, बेकासीकडे वेगळा प्रकार, तिथे शाळा विरुद्ध शाळा अशा सरळ मारामाऱ्या होतात. सप्टेंबर २०१२ मध्ये दक्षिण जकार्तात अगदी जवळजवळ असलेल्या दोन नावाजलेल्या सरकारी शाळांच्या भांडणात एका विद्यार्थ्याचा जीव गेला. प्रवेशासाठी पालक धडपडतात अशा शाळा त्या. म्हणजे गरिबी, नापास होणं, तुटलेलं घर, ही ठरलेली कारणं पुरत नाहीत.

त्या अबोल मुलाकडेच परत जाते. दुपारी तीनला, रस्त्यावरचं डांबर मऊ होईल अशा उन्हात, तो गळ्यापर्यंत चेन लावलेलं काळं जाकीट घालून येतो. इथल्या गणवेशात बाहीवर शाळेचं नाव शिवलेलं असतं. ते नाव चुकीच्या पोरांना चुकीच्या चौकात दिसू नये म्हणून ते जाकीट. ओसरीवर बसल्यावर चेन उघडतो तेव्हा पांढरा शर्ट पाठीला चिकटलेला असतो. दहावीत असताना त्याला सीनियर मुलांनी शाळेमागच्या टपरीवर बोलावलं होतं. नुसतं बसायला, म्हणाले. इथे अशा बसण्याला नोंगक्रोंग म्हणतात आणि तो सगळ्या देशाचा आवडता उद्योग आहे. पण त्या टपरीवर बसलेल्याने पुढे 'निष्ठा' दाखवायची असते. तो गेला नाही. पुढचं वर्षभर त्याच्या बाकावर शेजारी कुणी बसलं नाही. मारलं नाही, शिव्या दिल्या नाहीत, फक्त तो तिथे नाहीच असं सगळे वागले. हे त्याने मला सांगितलं त्या दिवशी आम्ही समीकरणं सोडवत होतो. सांगून झाल्यावर त्याने विचारलं, "पुढचं घेऊ का, बू?"

नव्या मुलांच्या 'ओळखीच्या आठवड्यात' सीनियर्स जो छळ करत, तो शिक्षण मंत्रालयाने २०१६ मध्ये थांबवला. ते काम शिक्षकांकडे दिलं, विचित्र टोप्या-माळा घालायला लावायला बंदी केली. चांगलंच झालं. पण सीनियरने ज्युनियरला घडवायचं, ही समजूत नियमाने जात नाही. ती शाळेच्या पटांगणातून उठून शाळेच्या मागे जाऊन बसते. २०१८ च्या पिसा या आंतरराष्ट्रीय शालेय चाचणीत इंडोनेशियातल्या ४१ टक्के पंधरा वर्षांच्या मुलांनी सांगितलं की महिन्यातून काही वेळा तरी आपल्याला त्रास दिला जातो. श्रीमंत देशांची सरासरी होती २३ टक्के. पापुआतून सरकारी योजनेखाली जावा-बालीच्या शाळांत शिकायला आलेल्या मुलांना तर रंगावरून आणि केसांवरून काय काय ऐकावं लागतं, ते मी इथे लिहिणार नाही. ते शब्द छापायच्या लायकीचे नाहीत.

घरी कोण असतं, हाही प्रश्न आहे. पूर्व जावा आणि लोम्बोकच्या कित्येक गावांत आया हाँगकाँग, तैवान, मलेशिया, सौदीत घरकामाला गेलेल्या असतात आणि मुलं आजीजवळ वाढतात. ओसरीवर येणाऱ्यांपैकी एका मुलीची आई हाँगकाँगला आहे. रविवार हा तिथल्या बायांचा सुट्टीचा दिवस, त्यामुळे रविवारी ही मुलगी कुठेच जात नाही. पाण्याच्या बाटलीला फोन टेकवून बसते. पलीकडे आई आणि तिच्या मैत्रिणी उद्यानात चटईवर डबे उघडून बसलेल्या. आई विचारते, जेवलीस का, फी भरली का, नमाज पढतेस ना? मुलगी तिन्हींना हो म्हणते. पाळी महिनोन् महिने अनियमित आहे, हे तिने आईला सांगितलं नाही. मला सांगितलं, आणि आम्ही दोघी दवाखान्यात जाऊन आलो.

मुलींच्या बाबतीत एक भीती कायम असते, लग्नाची. २०१९ मध्ये कायदा बदलला आणि मुलींचं लग्नाचं किमान वय १६ वरून १९ झालं, मुलांइतकंच. पण आईवडिलांना न्यायालयात जाऊन सवलत मागता येते. २०२० मध्ये, महासाथीत शाळा बंद असताना, अशा ६० हजारांहून अधिक परवानग्या दिल्या गेल्या. कित्येकींना दिवस गेलेले असतात. पुष्कळदा मुलगा शाळेत राहतो आणि मुलगी घरी बसते. लोम्बोकच्या सासाक समाजात मुलीला रात्री पळवून नेऊन लग्न ठरवायची जुनी प्रथा आहे, मेरारिक. मुलगी एक रात्र बाहेर राहिली की तिला परत आणणं घराला लाज आणणारं ठरतं. मे २०२५ मध्ये तिथल्या दोन कोवळ्या पोरांच्या लग्नाची मिरवणूक सगळ्या देशाने मोबाइलवर पाहिली. नटवलेली नवरी शाळकरी वयाची होती. लोक हसले, हळहळले, चिडले. प्रथेत जे सुंदर आहे ते राहो. पंधराव्या वर्षी संसार लादणं त्यात येत नाही, हे म्हणायला सासाक बायकाच आता पुढे येताहेत, आणि माझं मन त्यांच्याबरोबर आहे.

मोठी माणसं काहीच करत नाहीत असं नाही. करतात, आणि इथेच मला राग येतो. २०२३ मध्ये पूर्व नुसा तेंगाराच्या राज्यपालांनी कुपांगच्या काही शाळा पहाटे पाच वाजता भरवायचं ठरवलं, मुलांना शिस्त लागावी म्हणून. अंधारात रस्त्याने चालत जाणाऱ्या झोपाळू मुलांची चित्रं पाहून ओरड झाली, तेव्हा वेळ साडेपाच झाली. २०२५ मध्ये पश्चिम जावाच्या राज्यपालांनी शाळा सकाळी साडेसहाला आणली, विद्यार्थ्यांना रात्री नऊनंतर घराबाहेर पडायला बंदी केली आणि 'बिघडलेल्या' मुलांना काही दिवस लष्कराच्या बराकीत पाठवायला सुरुवात केली. पुष्कळ पालकांनी टाळ्या वाजवल्या. ज्या आईच्या पोराच्या दप्तरात कोयता सापडलाय तिने बराकीवर विश्वास का ठेवला, हे मला समजतं. तिला दुसरं दार कुणी दाखवलंच नव्हतं. पण कवायत करून, केस कापून, आईच्या पाया पडून परत आलेला मुलगा सोमवारी त्याच शाळेत, त्याच टपरीवरून जातो. तिथे काय बदललं?

७ नोव्हेंबर २०२५ ला उत्तर जकार्तातल्या एका सरकारी शाळेच्या मशिदीत, शुक्रवारच्या नमाजाच्या वेळी, स्फोट झाले. कितीतरी मुलं जखमी झाली. संशयित त्याच शाळेतला सतरा वर्षांचा विद्यार्थी निघाला. पोलिसांनी नंतर सांगितलं की त्याला एकटं वाटत होतं. मनातलं बोलायला घरी कुणी नव्हतं आणि शाळेतही नव्हतं. त्याने केलं ते भयंकर आहे, जखमी मुलांच्या घरच्यांना दुसरं काही ऐकायचं नसेल तर तो त्यांचा हक्क आहे. पण बाकीच्या आपण मोठ्यांनी तरी ते ऐकायला हवं होतं. दोन-तीन दिवसांत चर्चा मोबाइलवरच्या मारामारीच्या खेळांवर निर्बंध घालण्याकडे वळली.

आमच्याच शहरातल्या गाजा मादा विद्यापीठाने इतर संस्थांबरोबर देशभरातल्या किशोरांच्या मानसिक आरोग्याची पाहणी केली होती, २०२२ मध्ये ती प्रसिद्ध झाली. १० ते १७ वयाच्या जवळपास ३५ टक्के मुलांना आदल्या वर्षभरात मानसिक आरोग्याचा काही ना काही त्रास झालेला होता. अशांपैकी मदत किंवा समुपदेशनाची सेवा घेतलेली मुलं होती २.६ टक्के. खरं तर शाळांत समुपदेशक शिक्षक असतात, नियमाने दर दीडशे मुलांमागे एक. पण मुलांच्या तोंडी त्यांचं नाव 'शाळेचे पोलीस'. उशिरा आलास, केस वाढले, सिगारेट सापडली की तिथे बोलावणं येतं. ज्या खोलीत शिक्षा मिळते तिथे मन मोकळं करायला कोण जाईल?

वाईट याचं वाटतं की या देशाला हे ठाऊक नव्हतं असं नाही. १९२२ मध्ये याच जोगजात की हाजर देवांतारांनी तामान सिस्वा ही शाळा काढली, डचांच्या शिक्षणाला उत्तर म्हणून. मुलाला ओढत न्यायचं नाही, त्याच्या मागे उभं राहायचं, तो जाईल तिकडे जाऊ द्यायचं, पाय घसरला तर हात द्यायचा, असं त्यांचं सांगणं होतं. १९२७ मध्ये जावाच्या दौऱ्यात रवींद्रनाथ ती शाळा बघायला आले होते. देवांतारांचं ते वचन आज शिक्षण मंत्रालयाच्या बोधचिन्हावर आहे, ध्वजवंदनाच्या वेळी घालायच्या टोपीवर आणि टायवर आहे. त्यांच्या जन्मदिवशी, २ मे ला, शिक्षण दिन साजरा होतो. त्या दिवशी भाषणं करायला वेळ काढणाऱ्यांनी दर आठवड्याला एक तास काढून समुपदेशकांच्या खोलीचं काम बदललं, शिक्षा देण्याचं काम तिथून हलवलं, तरी पुष्कळ होईल. त्याला पैसेही फारसे लागत नाहीत.

जिल्बाबची चौपदरी घडी घालणारी ती मोठी बहीण या वर्षी बारावीला आहे. तिला भूगर्भशास्त्र घ्यायचंय. मेरापी ज्वालामुखी आमच्या उत्तरेला उभा आहे, धूर सोडत असतो, कधी राख उडवतो, आणि २०१० मध्ये त्याने साडेतीनशेच्या आसपास माणसं घेतली. तिच्या आईच्या माहेरचं गाव तेव्हा रिकामं करावं लागलं होतं. वडील बांधकामाच्या सामानाच्या दुकानात कामाला आहेत. त्यांच्या मते मुलीने प्राथमिक शिक्षिका व्हावं, सरकारी नोकरी, ठरलेला पगार, दुपारी घरी. चुकीचं काही मागत नाहीत ते. पण तिला काय हवंय ते तिने त्यांना सांगितलंच नव्हतं. बापाकसमोर, म्हणजे वडिलांसमोर, असं बोलणं बरं दिसत नाही, म्हणायची.

गेल्या महिन्यात ती बोलली. आधी ओसरीवर माझ्यासमोर म्हणून बघितलं, क्रामात अडखळली, मग म्हणाली इंडोनेशियनमध्येच बोलते, निदान वाक्य पुरं होईल. मेरापीवर लक्ष ठेवणारं सरकारी केंद्र जोगजातच आहे आणि काही वर्षांपूर्वीपर्यंत हानिक हुमाइदा नावाच्या बाई त्याच्या प्रमुख होत्या. ज्वालामुखी खवळला की टीव्हीवर त्याच माहिती द्यायच्या. त्यांचा फोटो तिने मोबाइलवर काढून वडिलांना दाखवला. त्यांना त्या आठवत होत्या, चांगल्याच आठवत होत्या.

त्यांनी फोटो बराच वेळ पाहिला आणि विचारलं, असलं काम करणाऱ्याला सुरुवातीला पगार किती मिळतो? तिला माहीत नव्हतं. आता आम्ही दोघी ते शोधून काढतोय.